आधी आलेली हाक

१

लुकांडे गावात कुणाच्याही दारात उभं राहिलं की आधी "होडी" म्हणायचं. आपली पाण्यातली होडी नव्हे. "आहे का कुणी, येऊ का" एवढं सगळं त्या एका शब्दात येतं. आतून "करिबू" आलं, म्हणजे "या" म्हटलं, की पाऊल आत टाकायचं. नाही आलं तर दुसऱ्यांदा होडी, मग तिसऱ्यांदा. तीनदा हाक मारूनही आतून कुणी ओ दिली नाही, तर मुकाट्यानं वाट धरायची. दार सताड उघडं असलं तरीही. कोंबडीचोर सोडले तर हा रिवाज कुणी मोडत नाही. गास्पारी तर स्वतःच्या घरात शिरतानाही होडी म्हणायचा.

गास्पारी ओढ्याकाठच्या खड्ड्यांत लाल खडे शोधायचा. मिळायचे कमी, पाठ दुखायची जास्त. उन्हं कलली की तो वर यायचा, अंगणातून होडी म्हणायचा, आणि आतून त्याची बायको ओडिलिया करिबू म्हणून चुलीवर चहाचं भांडं चढवायची. सगळा जन्म असाच चालला होता.

त्या दिवशीही होडी आली. ओडिलियानं करिबू म्हटलं, भांडं चढवलं, आलं ठेचलं. मग मान वर करून पाहिलं तर अंगणात कुणी नव्हतं. उंबऱ्यावर त्यांचं कुत्रं, साबुनी, आडवं पडलं होतं. एरवी पान पडलं तरी उठणारं ते कुत्रं कानसुद्धा न हलवता झोपलं होतं. चहाला उकळी आली, आणि तेव्हा कुठे साबुनी शेपूट हलवत उठलं.

"होडी," गास्पारी अंगणातून म्हणाला. आत येऊन पाहतो तर चहा तयार. "अरे वा! आज सूर्य कुठून उगवला?"

"मघाशीच हाक मारलीत ना तुम्ही?"

"मघाशी मी ओढ्यावर पाय धूत होतो. तुझे कान पुढे धावायला लागले, फॉस्ताची आई."

दोघं हसली. फॉस्ता ही त्यांची एकुलती मुलगी, पलीकडच्या टेकडीवर दिलेली, आणि दिवस भरत आलेली.

वाऱ्यानं दार आपटू नये म्हणून त्याला एक दगड लावलेला होता. चार-आठ दिवसांपूर्वीच गास्पारीनं तो खड्ड्यातून आणला होता. नारळाएवढा, राखेच्या रंगाचा. उन्हात पडला तरी गार राहायचा. आत मधाच्या रंगाची एक बारीक रेघ होती, आणि ती पाहावी तेव्हा वेगळ्या जागी दिसायची. खड्ड्यावरचे म्हातारे त्याला म्वांगवी म्हणायचे, म्हणजे पडसाद. एखाद्याच्याच नशिबी यायचा तो, आणि ज्याला सापडायचा तो गुपचूप परत पुरून टाकायचा. गास्पारीनं हे सगळं ऐकलं होतं आणि हसण्यावारी नेलं होतं. दाराला दगड हवा होता, दगड मिळाला होता.

२

मग ते रोजचंच झालं. आधी होडी यायची, मागून माणूस. पहिल्यांदा मधे एक चहा उकळायचा, पुढे मक्याच्या पिठाच्या उगालीचा भाकरीएवढा गोळा घोटून व्हायचा, मग सगळं धुणं वाळायचं, कधी तर मधे दिवस जायचे. ओडिलियाला त्याची सोयच वाटायला लागली. शेजारीण पेलाजिया मीठ मागायला यायची तर वाटी आधीच भरलेली असायची.

"अगं, मी मागायच्या आत देतेस," पेलाजिया म्हणाली. "मीठ देतेस की मला हाकलतेस?"

"सकाळीच आलीस ना तू? मी करिबू म्हटलं, तर पळालीस."

"सकाळी मी खाली मिशनच्या दवाखान्यात होते, गुडघ्याला औषध लावत." पेलाजियानं तिच्याकडे नीट पाहिलं. "म्हातारपण कानातून शिरतं गं बाई. तेल घाल कोमट."

ओडिलियानं तेल घातलं. दरीतून आवाज फिरतात, वारा त्यांना उचलून आणतो, अशी स्वतःची समजूत घातली. अडाणी बाई नव्हती ती. गावातली निम्मी पोरं तिच्या हातून जगात आली होती, आणि भीतीनं काय काय ऐकू येतं हे तिनं कित्येक घरांत पाहिलं होतं. म्हणून तिनं एक दिवस तो दगड उचलून मागच्या केळीत नेऊन ठेवला. दिवसभर घर शांत राहिलं. गास्पारी आला तेव्हाच होडी आली, आणि चहा नव्हता. दुसऱ्या दिवशी दगड परत दारात ठेवला, आणि भाजी चिरायच्या आत अंगणातून नवऱ्याचा आवाज आला.

एक मात्र तिला कळलं होतं. दगडाच्या होडीला साबुनी उठत नसे. खऱ्या माणसाला उठे.

रविवारी मिशनमधून प्रार्थना करून दोघं परतली. गास्पारी खाटेवर बसून वहाणेचा अंगठा शिवत होता. अंगणातून दमलेला आवाज आला, "होडी," आणि मागोमाग खोकला.

गास्पारीचा हात थांबला. तो आवाज त्याचा होता. तो खोकला त्याचा होता, शेवटी घसा खाकरण्यासकट.

"करिबू," ओडिलिया सवयीनं म्हणून गेली.

कुणी आत आलं नाही. साबुनी झोपलेलंच होतं. गास्पारी दाराकडे पाहत राहिला, आणि वहाण त्याच्या मांडीवरून खाली पडली.

"मी इथे बसलोय," तो म्हणाला.

"माहीत आहे."

"टाकून येतो तो दगड."

"राहू द्या," ओडिलिया म्हणाली. "आधी कळतं, त्यात वाईट काय?"

त्या दुपारी गास्पारी जेवला नाही.

३

ओडिलिया शेंगा सोलत बसली होती. डोंगरावरून धुकं उतरून केळींपर्यंत आलं होतं, आणि पत्र्यावरून थेंब टपटपत होते. साबुनी उंबऱ्यावर होतं.

"होडी."

एकीचा आवाज नव्हता तो. पुष्कळ बायका एकदम, हलक्या आवाजात बोलल्या होत्या. त्यात पेलाजिया होती. मागे कुणी पुरुष नाक शिंकरत होता. असल्या होडीचा अर्थ लुकांडेत पोरासोरांनाही समजतो. कमरेला कांग्याचं कापड घट्ट आवळून बायका जथ्यानं येतात, ते फक्त मयताचा निरोप घेऊन.

ओडिलियाच्या ओठावर करिबू आलं, पण ती बोलायच्या आधीच कुणीतरी बोललं. घरातून, तिच्या पाठीमागून. गास्पारीचा आवाज होता तो. घरात तर ती एकटी होती.

"करिबू."

मग एक बाई किंचाळली. स्वतःचा आवाज माणूस बाहेरून कधी ऐकत नाही, तरी ओडिलियानं तो ओळखला. ती किंकाळी लांबत गेली, मध्येच फाटली आणि थांबली. पुढे फक्त पत्र्यावरचे थेंब होते.

साबुनीनं कूस बदलली आणि ते पुन्हा झोपलं.

शेंगा जमिनीवर सांडल्या होत्या. ओडिलिया त्या गोळा करू लागली, कारण हातांना काहीतरी काम हवं होतं. करिबू गास्पारीनं म्हटलं, म्हणजे गास्पारी जिवंत आहे. किंचाळले मी, म्हणजे मी जिवंत आहे. मग बायका निरोप कुणाचा आणणार? तिला दुसरं होतं कोण?

ती उठली, दगड उचलून आतल्या कोपऱ्यात ठेवला आणि त्यावर मोठी टोपली पालथी घातली. फेकावासा वाटला, पण धीर झाला नाही. फेकला तर पुढचं कळणार कसं?

संध्याकाळी तिनं गास्पारीला सगळं सांगितलं. त्यानं चुलीतलं लाकूड पुढे सारलं.

"माझं एक ऐकाल?" ती म्हणाली. "या घरात आता कुणाला करिबू म्हणू नका."

"अगं, दारात आलेल्याला ओ द्यायची नाही? माणसं काय म्हणतील?"

"म्हणू देत."

"बरं," गास्पारी म्हणाला. तो भांडणारा माणूस नव्हता. त्या रात्री मात्र तो टोपलीकडे पाठ करून झोपला नाही.

४

दोन दिवसांनी फॉस्ता आली. डोक्यावर कपड्यांचं गाठोडं, एक हात पोटाखाली, चढ चढून घामाघूम झालेली. तिच्या मागे जावई लिओन्सी, पाठीवर गुंडाळलेली चटई घेऊन.

"होडी," फॉस्ता म्हणाली. साबुनी उड्या मारत अंगणात धावलं.

ओडिलिया बाहेर आली आणि दारातच उभी राहिली. दोन्ही हात चौकटीला.

"आई, करिबू म्हणायचं विसरलीस की काय?" फॉस्ता हसली. "आले बाई तुझ्याकडे. आता मूल होईपर्यंत मी काही हलत नाही. रोज रताळी उकडून घाल."

पहिलं बाळंतपण आईच्या घरी. हा रिवाजही इथे कुणी मोडत नाही.

ओडिलियाच्या कानात ती किंकाळी होती. ती याच घरातून उठली होती, याच उंबऱ्याच्या आतून. जे काही व्हायचं आहे ते या छपराखाली व्हायचं आहे, हे तिच्या मनानं घेतलं होतं. मग या छपराखाली तिला घ्यायचीच कशी?

"तू तुझ्याच घरी राहा," ती म्हणाली. "वेळ आली की मी तिकडे येईन."

फॉस्ताचं हसू गेलं. "म्हणजे?"

"इथे ओल आहे. पत्रा गळतो."

"पत्रा मी जन्मले तेव्हापासून गळतोय, आई."

"ऐक माझं."

"तुझ्या घरात मला जागा नाही, असंच ना?" फॉस्ता हळू म्हणाली. "गावभर परक्यांची पोरं काढलीस, आणि माझ्या वेळेला तुझा पत्रा गळतो."

तिचे डोळे भरून आले होते. ओडिलियाला वाटलं, पुढे व्हावं, गाठोडं उचलावं, सांगून टाकावं सगळं. पण पोटुशीला काय सांगणार? असलं ऐकूनच पोर घाबरून मरायची. ती जागची हलली नाही. तिला स्वतःची शरम वाटली.

"मग तू चल आमच्याकडे."

हेही होण्यासारखं नव्हतं. जावयाच्या छपराखाली सासू रात्र काढत नाही. लिओन्सी तर सासूच्या तोंडाकडे पाहतही नसे. आत्ताही तो अंगणाच्या कडेला, केळीकडे तोंड करून उभा होता.

"पाया पडतो, आई," तो केळीला म्हणाला.

"सुखी राहा. लिओन्सी, कळा सुरू झाल्या की लगेच यायचं. दिवस असो, रात्र असो. घरी नसले तर मी खालच्या शेतात असेन."

"येईन, आई. इथूनच हाक मारीन."

फॉस्तानं गाठोडं परत डोक्यावर घेतलं. वळणावर ती थांबेल असं ओडिलियाला वाटलं. ती थांबली नाही.

५

"पोरीला दारातून परत लावलंस म्हणे," पेलाजिया कुंपणापलीकडून म्हणाली. हल्ली तीही आत येत नसे, कारण तिला कुणी या म्हणत नव्हतं. "डोकं फिरलंय का तुझं?"

"एक विचारू? तीनदा होडी म्हटलं आणि ओ मिळाली नाही, तर?"

"तर काय. आल्या पावली परत. माझी आजी म्हणायची, मरण आलं तरी त्याला होडी म्हणावीच लागते. करिबू मिळालं नाही तर तेही जातं." पेलाजिया खो खो हसली. "तरी मेली बिचारी. कुणीतरी म्हणालं असेल करिबू."

ती हसत हसत गेली, पण ओडिलियानं ते वाक्य गाठीला बांधलं. बुडत्याला काडीही पुरते.

दुसऱ्या दिवशी दुपारी हाक आली.

"होडी."

लिओन्सीचा आवाज. धापा टाकणारा. ओडिलिया ताडकन उठली, आणि तिची नजर साबुनीवर गेली. कुत्रं उंबऱ्यावर झोपलं होतं. पोट संथ वरखाली होत होतं.

दगडाची होती.

"होडी! आई?"

करिबू तिच्या गळ्यापर्यंत आलं. तिनं तळहात तोंडावर दाबला. जन्मभर जे आपोआप तोंडून निघालं ते गिळायला किती जोर लागतो, हे तिला त्या दिवशी कळलं.

"होडी..."

मग शांत. केळीचं एक पान टरकन फाटलं. पावलं मागे फिरली, आधी चालत आणि मग धावत, ओढ्याच्या दिशेनं दूर गेली.

गेली! ओडिलिया खाली बसली आणि रडली, आनंदानं रडली. इतके दिवस दगडातून जे आलं ते तिनं नुसतं ऐकून घेतलं होतं. आज पहिल्यांदा त्याला दारातून परत लावलं होतं. जे आल्या पावली परत जाऊ शकतं ते टळूही शकतं.

तरी खात्री करावी म्हणून संध्याकाळी तिनं विचारलं, "आज लिओन्सी आला होता का इकडे?"

"लिओन्सी? दिवसभर माझ्याबरोबर खड्ड्यात होता," गास्पारी म्हणाला. "का गं?"

"काही नाही." किती दिवसांनी तिनं पोटभर खाल्लं.

गास्पारीनं खाल्लं नाही. तिचे गाल बसलेले, दर आवाजाला दचकणारी मान, आणि आता हे एकटीनंच हसणं. त्याला त्या दगडापेक्षा त्या हसण्याची जास्त भीती वाटली.

६

पुढचे दोन दिवस घरात एकही आवाज आला नाही. तिसऱ्या दिवशी सकाळपासून धुकं उठलंच नव्हतं. ओडिलिया ओढ्यावरून पाणी घेऊन आली तेव्हा गास्पारी कामाला गेलेला होता. तिनं मका सोलला, दळायला घेतला. दुपार झाली.

"होडी."

लिओन्सीचा आवाज, धापा टाकणारा. ओडिलियाचा हात थांबला. कुठूनही भुंकणं नाही, नखांची खरखर नाही.

"होडी! आई?"

तेच शब्द, तोच सूर. परत आलंय, ओडिलिया मनाशी म्हणाली. एकदा हाकललं तर पुन्हा आलंय, चिवट. ये तू. मीही चिवट आहे. तिनं पिठाचा हात तोंडावर धरला. या खेपेला तेवढं जड गेलं नाही.

"होडी..."

केळीचं पान टरकन फाटलं. पावलं चालत गेली, मग धावत, ओढ्याच्या दिशेनं.

तिनं हात पुसले आणि पुन्हा दळायला घेतलं. दळताना ती गुणगुणतही होती.

उन्हं कधी कलली ते धुक्यात कळलं नाही. गास्पारी आला, अंगणातून होडी म्हणाला, आणि त्याच्या पायांतून साबुनी आत घुसलं. पोटापर्यंत चिखल, अंगाला ओढ्याचा वास.

ओडिलियाच्या हातातली पळी तशीच राहिली.

"साबुनी तुमच्याबरोबर होतं?"

"सकाळपासून. मागेच लागलं." गास्पारीनं वहाणा काढल्या. तिच्याकडे न पाहता तो म्हणाला, "रागावू नकोस. तू पाण्याला गेलीस तेव्हा तो दगड उचलला मी. जुन्या खड्ड्यात टाकला, पार तळाला. बघवत नव्हतं तुझ्याकडे."

ती कोपऱ्यात गेली. टोपली उचलली. खाली नुसती जमीन होती.

"सकाळी?" ती म्हणाली.

"सकाळीच. आणि हो, लिओन्सी गेला का भेटून? दुपारी वाटेत दिसला. सासूबाई घरी नाहीत, म्हणाला. मी म्हटलं, खालच्या शेतात असतील, तिकडे बघ. काम काय ते बोलला नाही. जावई माणूस, मला काय सांगणार. ऊर फुटेस्तोवर धावत होता."

खालचं शेत म्हणजे अख्खा डोंगर उतरायचा आणि परत चढायचा. ओडिलियानं भिंतीला हात लावला. दुपारी घरात दगड नव्हता. अंगणात तिचा जावई उभा होता, खरा, हाडामासाचा. त्यानं तीनदा हाक मारली, आणि ती पिठाचा हात तोंडावर धरून बसली. त्या दिवशी दगडानं ऐकवलं होतं ते हेच. परत गेलेली पावलं ऐकवली होती, आणि तिचं गप्प बसणं.

"काय झालं गं? फॉस्ताची आई?"

तिनं खुंटीवरचा कांगा ओढला, कमरेला गुंडाळायला लागली. गाठ बसेना. अजून वेळ असेल. पहिलटकरीण आहे, पहिलटकरणीला वेळ लागतो. धावत गेलं तर, ओढ्यातून आडवं गेलं तर. ती दाराकडे वळली.

बाहेर धुक्यात ओल्या गवतावरून पुष्कळ पावलं आली आणि थांबली.

"होडी."

पुष्कळ बायका, हलक्या आवाजात. त्यात पेलाजिया. मागे कुणी पुरुष नाक शिंकरत होता.

ओडिलियानं दाराकडे पाहिलं नाही. तिनं साबुनीकडे पाहिलं. ते चुलीजवळ अंग चाटत पडलं होतं. पडून राहा, ती मनात म्हणाली. बाळा, पडून राहा. उठू नकोस.

साबुनीनं चाटणं थांबवलं. कान उभे केले, उठलं, आणि शेपूट न हलवता दाराशी जाऊन उभं राहिलं.

ती नवऱ्याचं तोंड धरायला वळली. पण दारात माणसं उभी होती, आणि गास्पारीच्या तोंडून ते सवयीनं निघून गेलं.

"करिबू."